शून्याचा चकवा

बालमित्रांनो, आधी एक गंमत करू या. वही-पेन्सिल घ्या, नाहीतर अंगणातल्या धुळीत बोटाने लिहा.

० × १ = ०
० × २ = ०

दोन्हीकडे उत्तर शून्यच. म्हणजे ० × १ आणि ० × २ सारखेच झाले. आता दोन्ही बाजूंना शून्याने भागा. शून्याला शून्य गेला. उरलं काय?

१ = २ !

झाली की नाही पंचाईत? एक आणि दोन सारखेच असतील, तर आठवड्याच्या बाजारात आईने भाव करायचाच कशाला? आणि परीक्षेत एक मार्क मिळाला काय नि दोन मिळाले काय!

तुमच्यातला एखादा हुशार लगेच ओरडेल, "शून्याने भागायचं नसतं!" शाब्बास, अगदी बरोबर. पण का नसतं? रात्री नखं कापायची नसतात, घरात शिट्टी वाजवायची नसते, तसलाच हा नियम आहे का? मुळीच नाही. या नियमामागे हजार-बाराशे वर्षांची डोकेफोड आहे.

रात्री शेतातून येताना वाट चुकली की गावाकडे "चकवा लागला" म्हणतात. माणसाला वाटतं, आपण सरळ चाललोय. उजाडल्यावर बघतो तर पुन्हा त्याच बांधावर! गणितातही असे चकवे असतात. एकेक पाऊल बरोबर टाकल्यासारखं वाटतं आणि शेवटी आपण भलतीकडेच पोचतो. मोठ्या पुस्तकांत त्याला 'विरोधाभास' म्हणतात. शून्याने भागण्याचा चकवा हा त्यातला फार जुना. आणि या चकव्याशी झुंजणाऱ्या एका थोर गणितज्ञाच्या ग्रंथांची शाळा आपल्या खानदेशात होती, हे ठाऊक आहे का?

पाटणचा शिलालेख

धुळ्याहून आगगाडीने चाळीसगावला या. तिथून सुमारे अठरा किलोमीटरवर, सातमाळ्याच्या डोंगरांच्या कुशीत पाटणादेवी आहे. नवरात्रात आईवडिलांबरोबर तुमच्यापैकी पुष्कळ जण तिथे गेले असतील. गौताळा अभयारण्यातलं ते चंडिकादेवीचं देऊळ, पावसाळ्यात कोसळणारा धवलतीर्थ धबधबा, आजूबाजूचं दाट जंगल. देवीला नमस्कार केला, प्रसाद घेतला, माकडांपासून तो वाचवला आणि परत फिरलो, असंच होतं ना?

पण या पाटणचा एक शिलालेख साऱ्या जगातल्या गणिताच्या अभ्यासकांना माहीत आहे. मुंबईचे विद्वान डॉ. भाऊ दाजी लाड यांनी तो शोधला आणि १८६५ साली त्याची माहिती प्रसिद्ध केली. लेख आहे इसवी सन १२०७ चा. त्यात म्हटलं आहे, की देवगिरीच्या सिंघण यादव राजाचा मुख्य ज्योतिषी चांगदेव याने आपले आजोबा भास्कराचार्य यांच्या ग्रंथांचा अभ्यास व्हावा, म्हणून इथे मठ स्थापन केला. मठ म्हणजे त्या काळचं विद्यालयच म्हणा ना! तेव्हा इथे यादवांचे मांडलिक असलेले निकुंभ राजे राज्य करीत होते. त्यांनी या मठाला देणगी दिली. कधी? श्रावणी पौर्णिमेला, चंद्रग्रहणाच्या वेळी. ग्रहणाचं गणित शिकवणाऱ्या शाळेला ग्रहणाच्याच मुहूर्तावर दान!

या लेखाचा बराचसा भाग संस्कृतात आहे, पण शेवटी चक्क आठशे वर्षांपूर्वीची मराठी आहे. पाटणच्या बाजारात जो माल विकला जाईल, त्यावरच्या करातला वाटा मठाला द्यावा, गावात जितके तेलाचे घाणे चालतील त्या प्रत्येक घाण्यामागे पळीभर तेल द्यावं, अशी व्यवस्था त्यात लिहून ठेवली आहे. म्हणजे बघा, राजाने दान दिलं हे खरंच, पण बाजारात येणारं गिऱ्हाईक आणि घाण्यावरचा तेली यांचाही हातभार त्या गणिताच्या शाळेला लागत होता.

भास्कराचार्यांचा जन्म इ. स. १११४ मधला. सह्याद्रीजवळच्या विज्जडविड गावचे आपण, असं त्यांनी स्वतःच लिहून ठेवलं आहे. हे गाव पाटणच्या परिसरातलंच, असं काही अभ्यासक मानतात, तर काहींचं मत वेगळं आहे. ते काहीही असो, नातवाने आजोबांची शाळा काढली ती इथेच, याला दगडाची साक्ष आहे. वयाच्या छत्तिसाव्या वर्षी, म्हणजे ११५० साली, भास्कराचार्यांनी 'सिद्धान्तशिरोमणी' हा ग्रंथ पूर्ण केला. त्याचे चार भाग : लीलावती, बीजगणित, ग्रहगणित आणि गोलाध्याय. लीलावतीची कीर्ती तर अशी, की १५८७ साली अकबर बादशहाच्या दरबारातल्या फैजीने तिचं फारसीत भाषांतर केलं.

याच ग्रंथात शून्याचा तो चकवा आहे!

केळ्यांची वाटणी

आपल्या रावेर-यावलच्या बारा केळी घेऊ या. तिघांना वाटली तर प्रत्येकाला चार. का? कारण ४ × ३ = १२. भागाकार म्हणजे गुणाकाराची उलटी वाट.

आता १२ ला ० ने भागा. म्हणजे असं विचारा, की कोणत्या संख्येला शून्याने गुणलं तर १२ येतात? १ घ्या, १०० घ्या, एक कोटी घ्या. शून्याने गुणलं की सगळ्यांचं शून्यच! १२ येणारच नाहीत. अशी संख्याच नाही.

बरं, मग ० ला ० ने भागा. कोणत्या संख्येला शून्याने गुणलं तर शून्य येतं? इथे उलटाच घोळ. १ चालतो, २ चालतो, ६३ चालतो, सगळेच चालतात! एका प्रश्नाला उत्तरच नाही आणि दुसऱ्याला उत्तरंच उत्तरं. आपण मघाशी "शून्याला शून्य गेला" म्हणालो ना, चकवा लागला तो तिथेच.

आपल्या जुन्या गणितज्ञांनी या प्रश्नाला बगल दिली नाही. ब्रह्मगुप्तांनी इ. स. ६२८ मध्ये शून्याचे नियम लिहिले. बेरीज, वजाबाकी, गुणाकाराचे नियम अगदी आज शिकवतात तसेच. पण शून्याला शून्याने भागलं तर शून्य येतं, असं त्यांनी म्हटलं. पुढे ८५० च्या सुमारास महावीराचार्य म्हणाले, संख्येला शून्याने भागलं तर ती आहे तशीच राहते. म्हणजे वाटून घ्यायला कुणी आलंच नाही, तर बारा केळी बाराच राहिली! ऐकायला पटतं की नाही? पण पडताळा घ्या. १२ × ० = १२ होतात का? नाही. म्हणजे हेही उत्तर चुकलं.

खहर आणि न भरणारी धर्मशाळा

भास्कराचार्यांनी जरा वेगळा विचार केला. तो केळ्यांवरच समजून घेऊ. प्रत्येकाला एक केळ दिलं तर बारा केळी बारा जणांना पुरतील. अर्धंच दिलं तर २४ जणांना. दहावा भाग दिला तर १२० जणांना. शंभरावा भाग दिला तर १,२०० आणि हजारावा भाग दिला तर १२,००० जणांना! वाटा जितका लहान, तितकी वाटेकऱ्यांची रांग मोठी. वाटा शून्याकडे सरकत गेला, की रांगेला अंतच राहत नाही.

अशा राशीला भास्कराचार्यांनी 'खहर' म्हटलं. 'ख' म्हणजे आकाश, म्हणजेच शून्य, आणि 'हर' म्हणजे छेद. ज्याचा छेद शून्य आहे तो खहर. या राशीत काही मिळवा, काही वजा करा, तिच्यात फरक पडत नाही, असं त्यांनी बीजगणितात सांगितलं आहे. आणि उपमा काय दिली? सृष्टी निर्माण होते तेव्हा असंख्य जीव परमेश्वरातून बाहेर येतात आणि प्रलयात पुन्हा त्याच्यातच जातात, तरी तो अनंत परमेश्वर जसाच्या तसा राहतो. तसंच हे.

आता थोडी कल्पना लढवू या. जर्मनीतले डेव्हिड हिल्बर्ट नावाचे गणितज्ञ अनंत खोल्यांच्या हॉटेलची गोष्ट सांगत. आपण हॉटेलाऐवजी पाटणादेवीच्या यात्रेत एक धर्मशाळा बांधू. खोली नंबर १, २, ३, ४... न संपणाऱ्या खोल्या. आणि प्रत्येक खोलीत एक यात्रेकरू. धर्मशाळा पूर्ण भरलेली!

रात्री धुळ्याचा एक पाहुणा दारात येतो. "भाऊ, खोली शे का?"

"समद्या खोल्या भरेल शेतस," व्यवस्थापक म्हणतो, "पण थांबा, सोय करतो." तो भोंग्यावरून सांगतो, "मंडळी, प्रत्येकाने आपापल्या पुढच्या खोलीत जा!" १ नंबरवाला २ मध्ये, २ नंबरवाला ३ मध्ये, असे सगळे सरकतात. शेवटचा कुठे जाईल? अहो, शेवटचा कुणी नाहीच! १ नंबरची खोली रिकामी. पाहुणा आत.

इतक्यात अनंत यात्रेकरू भरलेली एक एस.टी. येते. (कल्पनेतली बरं का! खरी एस.टी. तशी वाटते कधीकधी.) आता काय? व्यवस्थापक म्हणतो, "प्रत्येकाने आपल्या खोलीच्या नंबराच्या दुप्पट नंबराच्या खोलीत जा!" १ वाला २ मध्ये, २ वाला ४ मध्ये, ३ वाला ६ मध्ये. सगळ्या सम नंबरांच्या खोल्या भरल्या आणि १, ३, ५, ७... या साऱ्या विषम खोल्या मोकळ्या! एस.टी. तली सारी मंडळी तिथे झोपली. अनंतात अनंत मिळवले, तरी अनंतच.

पण सकाळी नवा पेच. अनंतातून अनंत गेले, तर उरले किती? सगळेच गेले तर शून्य. पहिल्या तीन खोल्या सोडून बाकीचे गेले तर तीन. सम खोल्यांतले तेवढे गेले तर अजूनही अनंत! म्हणजे इथे एक ठरलेलं उत्तर नाही. अनंताशी नेहमीच्या संख्येसारखं वागता येत नाही, ते यासाठी. म्हणून आजचं गणित सांगतं, की नेहमीच्या संख्यांमध्ये शून्याने भागण्याला अर्थच दिलेला नाही.

त्रेसष्टचं कोडं

मग भास्कराचार्य चुकले का? थांबा, घाई करू नका. लीलावतीत त्यांनी एक कोडं घातलं आहे. आपल्या शब्दांत ते असं :

एका संख्येला शून्याने गुणलं. जे आलं त्यात त्याचंच अर्ध मिळवलं. त्याला तीनने गुणलं. मग शून्याने भागलं. उत्तर आलं ६३. तर ती संख्या कोणती?

तुम्ही म्हणाल, शून्याने गुणलं की खेळ खलास, शून्यच! पण ते म्हणतात, पुढे आणखी क्रिया बाकी असतील तर शून्य लगेच पुसून टाकू नका, तसंच धरून ठेवा. पुढे शून्याने भागायची वेळ आली की गुणणारं शून्य आणि भागणारं शून्य जातील, संख्या तशीच राहील. त्यांचं उत्तर आहे १४. पडताळा घ्या. १४ चे निम्मे ७, मिळून २१, तिप्पट केली की ६३.

आजच्या नियमाने शून्यच घेऊन असं करता येणार नाही. पण शून्याऐवजी अगदी बारीक संख्या घ्या, ०.००१ म्हणा. १४ × ०.००१ = ०.०१४. त्यात निम्मे मिळवले, ०.०२१. तिप्पट ०.०६३. आता ०.००१ ने भागा. आले की नाही ६३? त्याहून बारीक घ्या, दहालक्षांश घ्या, तरी ६३ च! शून्याच्या कितीही जवळ जा, उत्तर हलत नाही. शून्याच्या उंबरठ्यापर्यंत जायचं, पण उंबरठा ओलांडायचा नाही, ही युक्ती या कोड्यात दडलेली आहे. आणि या गणिताचा ग्रहगणितात फार उपयोग होतो, असं भास्कराचार्यांनी तिथेच सांगून ठेवलं आहे.

थेंबाचा वेग

उपयोग कसा? धवलतीर्थावर उभे राहा. कड्यावरून एक थेंब सुटला. हिशेब सोपा व्हावा म्हणून हवा विसरू आणि आकडे पूर्ण धरू. पहिल्या सेकंदात तो ५ मीटर पडतो. बरोबर एक सेकंद झाला, त्या क्षणी त्याचा वेग किती?

वेग म्हणजे अंतर भागिले वेळ. पण एका क्षणात वेळ शून्य आणि अंतरही शून्य. शून्य भागिले शून्य! आला का पुन्हा चकवा?

मग उंबरठ्याची युक्ती वापरा. पुढच्या ०.१ सेकंदात थेंब १.०५ मीटर पडतो, म्हणजे वेग सेकंदाला १०.५ मीटर. ०.०१ सेकंद घेतला तर वेग १०.०५. ०.००१ सेकंद घेतला तर १०.००५. दिसतंय ना, आकडा कुठे चालला आहे? १० कडे! हाच त्या क्षणाचा वेग. शून्याला शून्याने भागलं नाही, तरी उत्तर हाती आलं.

आता थेंबाच्या जागी चंद्र ठेवा. चंद्र आकाशात दिवसाला सरासरी तेरा अंश सरकतो, पण कधी भरभर तर कधी हळू. चंद्र सूर्याच्या पुढे बारा अंश गेला की एक तिथी पूर्ण होते. म्हणूनच एखादी तिथी वीस तासांच्या आसपास संपते, तर एखादी सव्वीस तासांहून लांबते. आजीच्या पंचांगात तिथी संपण्याची वेळ तास-मिनिटांत छापलेली असते, ती पाहा एकदा. भास्कराचार्यांनी सांगितलं, की तिथी संपण्याची वेळ जवळ असेल तर चंद्राची सबंध दिवसाची सरासरी गती धरू नका, त्या वेळची गती, म्हणजे 'तात्कालिक गती' धरा. क्षणाचा वेग! पुढे सतराव्या शतकात न्यूटन आणि लायब्निझ यांनी या विचाराचं पद्धतशीर शास्त्र केलं. त्याला कलन म्हणतात. यान सोडायचं असो की पूल बांधायचा असो, त्याच्यावाचून चालत नाही. भास्कराचार्यांनी ते सारं शास्त्र रचलं, असं म्हणणं बरोबर होणार नाही. पण त्याच्या दारापाशी ते पोचले होते, हे मात्र खरं.

एका शून्याने जहाज थांबलं

शून्याने भागण्याचा चकवा जुन्या पोथ्यांतच राहिलेला नाही. १९९७ सालच्या सप्टेंबर महिन्यात अमेरिकेच्या नौदलाची 'यॉर्कटाउन' ही युद्धनौका समुद्रात होती. जहाजावरच्या एका माणसाने संगणकातल्या एका रकान्यात शून्य भरलं. संगणकाने त्या शून्याने भागायला घेतलं आणि घोळ झाला. एकमेकांना जोडलेले संगणक बंद पडले, जहाज चालवणारी यंत्रणा ठप्प झाली आणि ती अवाढव्य युद्धनौका सुमारे पावणेतीन तास पाण्यावर नुसती तरंगत राहिली. ना तोफ, ना वादळ. फक्त एक शून्य!

म्हणूनच संगणकाला आज्ञा लिहून देणारे लोक आधीच बजावून ठेवतात, की भागण्याआधी छेद शून्य तर नाही ना, ते बघ. तुमचा साधा कॅल्क्युलेटर १२ ÷ ० केल्यावर 'एरर' दाखवतो, तो या शहाणपणामुळेच.

आता सर्वांत मजेची गोष्ट. दशांश-अपूर्णांकांची गणितं सगळ्या संगणकांनी सारखीच करावीत, म्हणून १९८५ साली एक नियमावली ठरली. तिच्यात काय आहे? १ ला ० ने भागलं तर 'अनंत' लिही. अनंतात ५ मिळव, तरी अनंतच. ५ वजा कर, तरी अनंतच. ओळख पटली ना? हाच तो भास्कराचार्यांचा खहर! आणि शून्य भागिले शून्य, किंवा अनंत वजा अनंत आलं, तर संगणक लिहितो 'ही संख्या नाही'. धर्मशाळेच्या व्यवस्थापकाला पडलेला सकाळचा पेच आठवा. उत्तर ठरत नसेल तर थाप मारायची नाही, ठरत नाही म्हणून सांगायचं.

'का?' विचारा

मुलांनो, ब्रह्मगुप्तांनी एक उत्तर दिलं, महावीराचार्यांनी दुसरं, भास्कराचार्यांनी तिसरं. आज आपण चौथं सांगतो. यातला कुणीही "मोठ्यांनी सांगितलंय ना, गप्प बसा" म्हणाला असता, तर खहर सापडला नसता आणि क्षणाचा वेगही कळला नसता.

पालकांनाही एक विनंती. मूल जेव्हा विचारतं, "शून्याने का नाही भागायचं?" तेव्हा "नियम आहे" एवढ्यावर त्याची बोळवण करू नका. घरात बारा केळी असतील, नसतील तर बारा शेंगदाणे घ्या आणि त्याच्याबरोबर बसा. उत्तर येत नसेल तर दोघं मिळून शोधा. पाटणच्या बाजाराने एका गणिताच्या शाळेचा भार उचलला होता. आपल्याला तर फक्त पंधरा मिनिटं द्यायची आहेत.

आणि यंदा पाटणादेवीला जाल तेव्हा तो शिलालेख कुठे आहे, हे विचारून जरूर पाहा. अक्षरं वाचता आली नाहीत तरी चालेल. आठशे वर्षांपूर्वी इथे मुलं भास्कराचार्यांचं गणित शिकावीत म्हणून घाण्याघाण्यावरून पळीभर तेल येत असे, एवढं आठवलं तरी पुष्कळ झालं.

करून पाहा

१. एका संख्येला शून्याने गुणलं. त्यात त्याचाच तिसरा भाग मिळवला. तीनने गुणलं. शून्याने भागलं. भास्कराचार्यांच्या रीतीने उत्तर ४८ आलं. संख्या कोणती?

२. भरलेल्या अनंत धर्मशाळेत जळगावचे पाच पाहुणे आले. व्यवस्थापक भोंग्यावरून काय सांगेल?

३. १२ शेंगदाण्यांतून दर वेळी शून्य शेंगदाणे काढत राहिलं, तर ते किती वेळांनी संपतील?

(उत्तरे : १. बारा. १२ मध्ये ४ मिळवले की १६, तिप्पट ४८. २. "प्रत्येकाने आपल्या नंबरात पाच मिळवून त्या खोलीत जा!" पहिल्या पाच खोल्या मोकळ्या होतील. ३. कधीच संपणार नाहीत. बारा भागिले शून्याचा चकवा तो हाच!)